साखळी

2006 च्या दिवाळीत, पहिल्या आंघोळीला आई माझ्या अंगाला उटणं लावत होती. उजव्या कोपरापाशी तिचा हात थांबला. तिथे चुना लागला असावा असं तिला वाटलं. आधी तिने बोटाने चोळलं, मग उटणं घेऊन घासलं, मग नखाने खरवडलं. ते काही निघेना. "दुखतंय का रे?" मी म्हटलं, नाही. "खाजतंय?" नाही. ती पुढे काही बोलली नाही. तांब्याभर पाणी अंगावर ओतलं आणि टॉवेल दिला. मी तेव्हा बारा वर्षांचा, सातवीत होतो आणि मला किल्ल्यावर मावळे मांडायची घाई झाली होती. रुपयाच्या नाण्याएवढा तो पांढरा ठिपका मी आरशात वाकडा होऊन पाहिला आणि विसरून गेलो.

आमचं गाव तासगाव तालुक्यात, द्राक्षबागांच्या पट्ट्यात. दिवाळीच्या आसपास बागेची छाटणी होऊन नवे फुटवे आलेले असतात आणि औषधं फवारण्याची गडबड असते. अण्णांचे हात त्या दिवसांत मोरचुदाने निळे पडलेले असायचे. त्यामुळे घरात माझ्या कोपराची चर्चा रात्रीच्या जेवणाआधी झाली नाही. अण्णांनी कंदिलाजवळ नेऊन पाहिलं (वीज नेहमीप्रमाणे गेली होती) आणि म्हणाले, "जंत झालं असतील. सकाळी गोळी आणतो." आमच्याकडे पोरांच्या तोंडावर फिकट चट्टे उठले की जंतच म्हणतात, आणि बऱ्याचदा ते आपोआप जातातही. मी जंताची गोळी घेतली, पंधरा दिवसांनी परत घेतली. संक्रांतीपर्यंत ओठाच्या डाव्या कोपऱ्यात एक डाग आला, आणि उजव्या हाताच्या बोटांच्या पेरांवर चार.

तो शब्द पहिल्यांदा आजीने उच्चारला. तिळाच्या वड्या थापता थापता तिने माझा हात धरला, उन्हाकडे वळवला आणि म्हणाली, "आगं, ह्ये कोड हाय." आईने तिला असं गप्प केलं, की जणू शब्द बाहेर पडला नाही तर डागही मागे फिरतील. मी तो शब्द आधी ऐकला होता, पण शिवीत आणि शपथेत. खोटं बोललो तर अंगावर कोड फुटेल, अशी शपथ आम्ही पोरं गोट्या खेळताना घालायचो. म्हणून त्या रात्री मी अंथरुणात पडून आठवत राहिलो, की मी नेमकं कधी आणि काय खोटं बोललो होतो. बारा वर्षांच्या पोराला आठवायला पुष्कळ सापडतं. हे मी आजही हलकं करून सांगू शकत नाही. पुढची दोन वर्षं मला मनातून वाटत होतं की ही माझ्या हातून घडलेल्या कशाची तरी शिक्षा आहे.

मग पथ्यं सुरू झाली. दही बंद, ताक बंद, लिंबू, चिंच, लोणचं बंद, मासे तर घरातूनच गेले. आंबट खाल्लं की डाग पसरतात, दुधावर मासळी खाल्ली की कोड येतं, हे सगळ्यांना ठाऊक असतं आणि त्यात तथ्य नसतं. पण हे आम्हाला कळेपर्यंत दीड वर्ष मी कोरडी भाकरी आणि आमटी खाल्ली. तांब्याच्या लोट्यातलं पाणी रोज सकाळी उपाशीपोटी. आजीने आदित्यराणूबाईचं व्रत धरलं. सूर्यनारायणाच्या कृपेने कातडीचे रोग जातात, असं तिचं म्हणणं. माझ्याबरोबर ताईनेही ताक सोडलं. तिला कुणी सांगितलं नव्हतं आणि तिने कुणाला सांगितलंही नाही. माझ्या लक्षात आलं ते पुष्कळ दिवसांनी.

त्या उन्हाळ्यात लांबच्या एका नातेवाइकांनी अण्णांना एका औषध देणाऱ्या माणसाकडे नेलं. त्याने काळपट तेलाची बाटली दिली. बावचीचं तेल. डागांना लावायचं आणि उन्हात बसायचं. किती वेळ, ते त्याने सांगितलं नाही. आम्हाला वाटलं जितकं जास्त तितकं लवकर. एप्रिलचं ऊन, अकराची वेळ. मी माळावर, जिथे बेदाणा वाळवायला टाकतात त्या शेडच्या बाहेर, हात पसरून बसलो. अर्धा तास तरी झाला असेल. त्या वेळी नुसतं गरम वाटलं. रात्री हात पेटल्यासारखे झाले, आणि दुसऱ्या दिवशी संध्याकाळपर्यंत पेरांवर आणि कोपरावर पाण्याने भरलेले फोड आले, द्राक्षाच्या मण्याएवढे. अण्णांनी ते पाहिले आणि बाटली घेऊन बाहेर गेले. ती त्यांनी फोडली, पुरली की विहिरीत टाकली, मी कधी विचारलं नाही. आत आले तेव्हा त्यांचे डोळे लाल होते.

बावचीला नावं ठेवण्यासाठी मी हे लिहीत नाही. तिच्यातल्या घटकामुळे कातडी उन्हाला फार हळवी होते, आणि त्याच जातीचं औषध डॉक्टरही पूर्वापार वापरत आलेत. इजिप्तमध्ये 1948 च्या सुमाराला एल मोफ्ती नावाच्या डॉक्टरांनी तिथल्या एका रानटी झाडाच्या बियांतून मिळणारं असंच औषध कोडावर वापरून दाखवलं होतं. पण डॉक्टर ते पातळ करून देतात आणि ऊन मिनिटांनी मोजून देतात. आमच्याकडे मोजायला कुणी नव्हतं. फोड वाळले तेव्हा कोपरावरचा रुपया हाताच्या पंजाएवढा झाला होता.

आठवीत शाळेत एक गोष्ट घडली. आरोग्य खात्याचे एक कर्मचारी कुष्ठरोगाची माहिती द्यायला वर्गात आले. भिंतीवर त्यांनी तक्ता टांगला: अंगावर फिकट किंवा लालसर बधिर चट्टा. 'चट्टा' शब्द आला आणि चाळीस डोकी माझ्याकडे वळली. मी हात बाकाखाली घातले. त्या गृहस्थांनी ते पाहिलं. ते माझ्या बाकापाशी आले, मला उभं केलं, डोळे मिटायला सांगितले आणि खिशातल्या पेनाच्या टोकाने माझ्या हातावर स्पर्श करत विचारत गेले, "आता कळलं? आता? आता?" प्रत्येक वेळी मला कळत होतं. मग त्यांनी वर्गाला सांगितलं, "ह्याला सगळं समजतंय. महारोगाच्या चट्ट्यात समजत नाही. आणि तो चट्टा असा दुधासारखा पांढरा नसतो. हे वेगळं आहे, हे कुणाला लागत नाही." त्यांचे आभार मी त्या वयात मानू शकलो नाही. सगळ्या वर्गासमोर डोळे मिटून उभं राहिल्याची लाज एवढी मोठी होती की त्यांनी माझ्यासाठी काय केलं ते दिसायला मला मोठं व्हावं लागलं.

वर्गाने ऐकलं, पण घरोघरी आयांनी वेगळं सांगितलं असणार. माझ्या डब्यातली चटणी कुणी घेईना. माठावरचा पेला मी पिऊन ठेवला की पुढचा मुलगा तो दोनदा विसळायचा. कुणी तोंडावर काही बोललं नाही. बोलले असते तर भांडता आलं असतं.

आणि कबड्डी. आमच्या भागात कबड्डी न खेळणारा पोरगा सापडणं कठीण. मी पाचवीपासून मातीत होतो. डावा मध्यरक्षक होतो, साखळीतला. ज्यांनी कबड्डी खेळलेली नाही त्यांच्यासाठी सांगतो: चढाईवाला आत आला की बचावातले दोघे दोघे हातात हात घालून उभे राहतात आणि संधी सापडली की त्या जोडलेल्या हातांनी त्याला मध्यरेषेकडे जाताना अडवतात. ती साखळी. तिच्यात हात सैल असून चालत नाही. बोटांत बोटं अडकवायची नसतात, मनगट घट्ट धरायचं असतं, नाहीतर झटक्यात सुटतं. आमचा कोपरारक्षक तीन वर्षं माझं मनगट धरत आला होता. आठवीच्या दिवाळीनंतर सराव सुरू झाला तेव्हा त्याने माझ्या बनियनची बाही धरली. पहिल्या दिवशी मला वाटलं घाम आहे म्हणून धरली असेल. दुसऱ्या दिवशीही बाहीच. त्या आठवड्यात आमच्या साखळीतून तीन चढाया निसटल्या. सर ओरडत होते, "हात धरा रे, हात!" तो खाली बघत होता आणि मीही.

मला कातडीच्या रंगाचं दुःख कमी होतं, खरंच कमी. आरसा दिवसातून दोनदा समोर येतो. पण माणसं दिवसभर आपल्याला हात लावत असतात, खांद्यावर, पाठीवर, टाळी द्यायला, आणि ते आपल्या लक्षातही नसतं. ते हळूहळू थांबलं की लक्षात येतं.

मिरजेच्या डॉक्टरबाईंकडे आम्ही गेलो ते 2008 च्या जूनमध्ये, मी नववीत गेल्यावर. मिरज आमच्याकडची दवाखान्यांची पंढरी. आधी का गेलो नाही असं कुणी विचारेल, तर उत्तर एवढंच की हा आजार आहे असं आम्हाला वाटतच नव्हतं. आम्हाला तो दोष वाटत होता. आणि दोषाला डॉक्टर कशाला?

बाईंनी मला एका खोलीत नेलं, दार लावलं, दिवा मालवला आणि हातातला एक लहानसा निळसर-जांभळा दिवा माझ्या हातावर धरला. अंधारात माझे डाग खडूसारखे उजळले. नुसते दिसणारेच नव्हे. ढोपरांवर, कमरेला जिथे चड्डीचं इलॅस्टिक बसतं तिथे, पायांवर, मला कधी न दिसलेले डाग एकेक करून पेटत गेले. अण्णा दाराशी उभे होते. त्यांनी श्वास घेतलेला मला ऐकू आला. मी घाबरायला हवं होतं, पण मला ते विलक्षण वाटलं. आपल्या अंगावरचा नकाशा कुणीतरी आपल्याला पहिल्यांदा दाखवावा तसं.

मग दिवा लावून त्यांनी सांगितलं. कातडीला रंग देणाऱ्या पेशी असतात. शरीराचं रक्षण करणारी जी फौज असते ती कधी कधी चुकून या पेशींनाच शत्रू समजते आणि मारते. पेशी गेल्या की रंग गेला. बाकी कातडी धडधाकट. स्पर्शाने, उष्ट्याने, कपड्याने हे कुणाला होत नाही. शंभरात एखाद्याला असतं. थायरॉईडची एकदा तपासणी करू, कारण तिथेही हीच फौज गडबड करते. दही खा. लिंबू खा. मासे खा.

"दही खाऊ?" मी पुन्हा विचारलं.

"वाटीभर खा," त्या म्हणाल्या. घरी आल्यावर ताईने आणि मी मिळून अख्खं पातेलं संपवलं.

त्यांनी माझी चप्पलही काढायला लावली. पट्ट्यांच्या रबरी चपलेच्या खाली, अगदी पट्ट्याच्याच आकाराचे पांढरे डाग होते. काही रबरांतल्या रसायनाने असं होतं, चामड्याची वापर, म्हणाल्या. आणि मग एक वाक्य असं सांगितलं की त्याने माझी पुढची दोन वर्षं व्यापली: "या आजारात कातडीला जिथे घासतं, खरचटतं, तिथे नवा डाग येतो. म्हणून इलॅस्टिक सैल, दप्तराचा पट्टा रुंद, आणि मातीतले खेळ बंद. काय खेळतोस?"

"कबड्डी."

"वर्षभर तरी सोड."

उपचार होता प्रकाशाचा. आठवड्यातून दोनदा, मंगळवारी आणि शनिवारी. पहाटे सहाची एसटी, सांगलीला गाडी बदलायची, साडेआठला मिरज. कपाटाएवढी एक पेटी, आतल्या चारी भिंतींना माणसाच्या उंचीच्या नळ्या. डोळ्यांना काळा चष्मा, अंगावर फक्त आतली चड्डी. दार लागलं की पंखा घरघरायचा आणि मिटलेल्या डोळ्यांआडही जांभळं भरून यायचं. तापलेल्या धुळीचा वास. अतिनील किरणांतला एक अगदी अरुंद पट्टा, 311 नॅनोमीटरच्या आसपासचा, तेवढाच त्या नळ्यांतून येतो. उन्हातला जाळणारा भाग गाळलेला. पहिल्या दिवशी वीस सेकंद. वीस सेकंदांसाठी जाऊन-येऊन पाच तास. प्रत्येक वेळी थोडी वाढ, कातडी लालसर झाली तर थांबायचं. एका वेळचे शंभर रुपये, शिवाय दोघांचं तिकीट. ज्या वर्षी अवकाळीने माल फुटला त्या वर्षीही अण्णांनी एक मंगळवार चुकवला नाही. ताई एका वहीत सेकंद लिहायची, वाण्याच्या खात्यासारखी तारीखवार.

अडीच महिने काहीही झालं नाही. हे मुद्दाम लिहितो, कारण पुष्कळ जण इथेच सोडून देतात. मग गणपतीच्या आधी एका संध्याकाळी ताई मला खिडकीशी घेऊन बसली होती. तिने गालाजवळचा डाग पाहिला, उठली, अण्णांचं बागेतली कीड बघायचं भिंग घेऊन आली आणि परत पाहिलं. "हलू नकोस." तिचा श्वास माझ्या गालावर लागत होता. पांढऱ्या जागेत, प्रत्येक केसाच्या मुळाशी, एकेक तपकिरी ठिपका उमटला होता. मोहरीपेक्षाही लहान. तिने मोजले. चौदा. "आई, रंग यायलाय!" अशी तिने मारलेली हाक गल्लीत ऐकू गेली असेल. रंग हा असाच येतो. केसाच्या मुळाशी दडून वाचलेल्या पेशी वर चढतात आणि ठिपक्या-ठिपक्यांनी पसरत एकमेकांना भेटतात. त्या महिन्यात ताईने रोज मोजले. छप्पन्नच्या पुढे ते एकमेकांत मिसळले आणि मोजता येईनात.

चेहरा वर्षभरात जवळजवळ भरला. राहिला ओठाचा कोपरा. बोटांची टोकं आणि ओठ सर्वांत हट्टी असतात, कारण तिथे केस नाहीत, मग दडून राहणार कुठे? ओठाच्या वर जिथे केस होते तिथे वेगळंच झालं. दहावीत मिसरूड फुटलं. उजवीकडे काळं आणि डाव्या टोकाला पांढरं. पंधराव्या वर्षी सगळी पोरं मिशीला हात लावून बघतात, मीही बघत होतो, पण मला ती झाकायची होती. बाईंनी सांगितलं की केसच पांढरा आला म्हणजे मुळाशीही पेशी उरलेल्या नाहीत, तिथे प्रकाशाने फारसं होणार नाही. एका सामन्याला मी ताईची काजळाची कांडी लावून गेलो. घामाने काजळ उतरून हनुवटीवर आलं आणि पंचांनी, चांगल्या मनाने, रक्त समजून खेळ थांबवला. तेव्हापासून काजळ लावलं नाही.

हो, सामन्याला. मी कबड्डी सोडली नव्हती.

सोडली होती, दोन महिने. त्या दोन महिन्यांत मैदानाच्या कट्ट्यावर बसून मी साखळ्या तुटताना पाहिल्या. मग एक दिवस उतरलो. घरी सांगितलं की पंचगिरी शिकतोय. बाईंना काहीच सांगितलं नाही. डिसेंबरात त्यांनी माझं डावं ढोपर पाहिलं. तिथे लांबट, खरचटल्याच्याच आकाराचा नवाकोरा डाग होता, मातीवर घसरल्याची रेघ जशीच्या तशी. कातडीने सगळी चहाडी केली होती.

अण्णांनी माझ्याकडे पाहिलं. बाईंनी पेन खाली ठेवलं. त्या रागावल्या असत्या तर सोपं गेलं असतं. त्या म्हणाल्या, "माझ्याशी खोटं बोलू नकोस, नाहीतर मला औषध देता येणार नाही. खेळायचं असेल तर खेळ. ढोपराला, कोपराला पट्ट्या बांध, खरचटलं की लगेच धू, मलम लाव. तरी डाग येतील. आले तर आले म्हणशील का, ते तू ठरव. ते मी नाही ठरवू शकत."

एसटीत अण्णा खिडकीतून बाहेर बघत होते. कवठे एकंद गेल्यावर म्हणाले, "मोरचुदानं माझ्या हाताच्या साली निघत्यात. म्हणून बाग सोडली का मी?" एवढंच. दुसऱ्या दिवशी त्यांनी तासगावातून ढोपराच्या दोन पट्ट्या आणून माझ्या दप्तरावर ठेवल्या.

दहावीच्या वर्षी तालुक्याच्या स्पर्धेत मी चढाईला जाऊ लागलो, कारण आमचा मुख्य चढाईपटू पाय मुरगळून बसला होता. आणि एक विचित्र गोष्ट दिसली. समोरचा संघ मला धरायला बिचकत होता. मी आत गेलो की साखळी अर्धा पाऊल मागे सरायची. मी हात लावून परतत होतो, गुण मिळत होते, आमची पोरं नाचत होती. कुणीतरी माझ्या पाठीमागे म्हणालं, "लेका, ह्याला कोण धरतंय? ह्याचं बरंय." पहिल्या सामन्यात माझे नऊ गुण झाले. आयुष्यात मी एवढे गुण कधी घेतले नव्हते आणि एवढं वाईटही मला कधी वाटलं नव्हतं. ते गुण माझ्या पायांचे नव्हते. मी सरांना म्हटलं, मला बचावातच ठेवा. त्यांनी ऐकलं नाही, आणि मी कारण सांगू शकलो नाही.

उपांत्य सामन्यात समोर पलूसकडचा एक संघ होता. त्यांचा उजवा कोपरारक्षक बुटका, जाड मानेचा पोरगा. माझ्या पहिल्याच चढाईत मी बोनससाठी पाय टाकला आणि त्याने घोटा धरला. नुसता धरला नाही. दोन्ही हातांनी, छातीशी ओढून, आपलं सगळं वजन टाकून. मी तोंडावर पडलो. पाठोपाठ त्यांचे चार जण माझ्या पाठीवर आले. तोंडात माती, नाकात त्यांच्या घामाचा वास, कुणाची तरी हनुवटी माझ्या मानेत रुतलेली, कुणाचा तरी पंजा माझ्या पांढऱ्या बोटांवर घट्ट दाबलेला. माझा हात मध्यरेषेपासून वितभर लांब होता आणि दम संपत आला होता. मी कबड्डी कबड्डी म्हणायचं थांबवलं तरी ते उठेनात. शिट्टी झाल्यावर उठले. त्या पोराने हात देऊन मला वर ओढलं, पाठीवरची माती झटकली आणि आपल्या जागेवर जाऊन उभा राहिला. त्याला माझ्या डागांचं काही वाटलं नसेल, की खेळाच्या नादात दिसलेच नसतील, मला माहीत नाही. त्याचं नावही माहीत नाही. मी बाद होऊन रेषेबाहेर बसलो आणि मला रडू येत होतं. आमच्या पोरांना वाटलं हरल्याचं.

तो सामना आम्ही हरलो. पण दुसऱ्या डावात मी परत बचावात उतरलो, तेव्हा आमच्या कोपरारक्षकाने, जो दोन वर्षं माझी बाही धरत होता, माझं मनगट धरलं. काही बोलला नाही. त्या पोराने धरलेलं त्याने पाहिलं होतं. आज तो आणि मी एकाच सोसायटीत आहोत, द्राक्ष एकत्र पाठवतो, आणि या गोष्टीवर आम्ही एकदाही बोललेलो नाही.

त्याच वर्षी आमच्या मराठीच्या बाईंनी मला पुण्याच्या 'श्वेता असोसिएशन'बद्दल वर्तमानपत्रात आलेलं कात्रण दिलं. डॉ. माया तुळपुळे यांनी सुरू केलेली संस्था. त्या स्वतः डॉक्टर आणि त्यांच्या स्वतःच्या अंगावर कोड. माझ्यासारखंच अंग असलेली माणसं एका सभागृहात भेटतात, बोलतात, लग्नं जुळवतात, हे वाचून मी ते कात्रण वहीच्या पुठ्ठ्याला आतून चिकटवलं. मी तिथे गेलो नाही, पण ती माणसं आहेत एवढं पुरत होतं. आता नव्या मुलांना यापेक्षा जास्त काही आहे. 2022 मध्ये अमेरिकेत बारा वर्षं आणि त्यापुढच्यांसाठी या आजारावरच्या एका मलमाला मंजुरी मिळाली, रक्षक फौजेचा चुकलेला निरोप मधल्या मध्ये अडवणारं. माझ्या वेळी ते असतं तर, असा विचार मनात येतो. मग दहीही आठवतं. मिरज चाळीस किलोमीटरवर असताना आम्ही दीड वर्ष घरीच बसलो होतो.

शेवटी ताईच्या लग्नाचं सांगतो. सगळं तिथवर येऊन पोचलं होतं.

मी अकरावीत असताना तिला स्थळं येऊ लागली. पहिल्या कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी आत्या म्हणाली, "पोराला दोन दिस मामाकडं धाडा. उगं विषय नगं." वाईट मनाने नाही म्हणाली, ताईवर तिचा जीव होता. आई गप्प, अण्णा गप्प. मी स्वतःच पिशवी भरली आणि मामाकडे गेलो. परत आल्यावर ताईने माझ्याशी दोन दिवस अबोला धरला. पाठवलं त्यांच्याशी नाही, गेलो म्हणून माझ्याशी. दुसऱ्या वेळी अण्णांनी आत्याला सांगितलं, "घरात पोरगं हाय ते हाय. लपवून पोरगी द्यायची नाय." ते लोक मला पाहून गेले आणि कळवतो म्हणाले. त्यानंतरचेही तसेच. दोन्हीकडून निरोप आला नाही. ताई चुलीपाशी बसून भाकरी थापत असे आणि मी तिच्याशेजारी बसायचं टाळत असे. खोटी शपथ कुणी घेतली आणि फळ कुणाला, असलं काहीतरी जुनं पुन्हा डोक्यात फिरायचं.

चौथ्या वेळी पोह्यांच्या बशा मी नेल्या. मुलाने बशी घेताना माझ्या हाताकडे पाहिलं आणि सगळ्यांदेखत विचारलं, "हाताला काय झालंय?" खोली थिजली. मला आठवेपर्यंत कुणी हे असं सरळ विचारलंच नव्हतं.

"कोड आहे," मी म्हटलं.

"औषध चालू आहे?"

"मिरजेला. लाइट घेतो."

"गुण आहे का?"

"तोंडावर भरून आलंय. हाताला नाही."

"आमच्या चुलतीला आहे," तो म्हणाला. "तिनं काही केलंच नाही. बस की, पोहे घे तू पण."

लग्न 2012 च्या मे महिन्यात, आमच्याच दारात झालं. माझी बारावीची परीक्षा होऊन गेली होती. लाजाहोमाच्या वेळी भटजींनी हाक मारली, "कानपिळीला नवरीचा भाऊ या." आणि मला दिसलं की आत्याने माझ्या चुलतभावाला आधीच नवे कपडे घालून मांडवाच्या कडेला उभं केलंय. तो पुढे निघालाही. त्याचाही दोष नाही, त्याला तसं सांगितलं होतं. होमाच्या धुरात, मुंडावळ्या बांधलेल्या ताईने मान वर केली आणि माझ्याकडे पाहिलं. चुलतभाऊ थांबला. मी चपला काढल्या, चामड्याच्या, आणि बोहल्यापाशी गेलो.

जवळून दाजींच्या कानावर हळदीचा पिवळा थर दिसत होता. माझा हात थरथरत होता. पांढऱ्या बोटांच्या चिमटीत मी कान धरला, जेमतेम लागेल न लागेल असा, आणि सोडणार तेवढ्यात दाजी मान न वळवता म्हणाले, "असा धरतोस होय? कबड्डी खेळतोस म्हणं. नीट पीळ की."

मी नीट पिळला. दाजींच्या तोंडून "आई गं" निघालं, बायका हसल्या, कुणीतरी अक्षता फेकल्या. टॉवेल-टोपीचं ताट त्यांनी माझ्या हातात दिलं. माझ्या बोटांना त्यांच्या कानाची हळद लागली होती.